बिजलीला पाणी हवं

श्रोतेहो, नमस्कार.

ज्यांच्या घरी यंदा पहिली-दुसरीतलं मूल आहे, अशा आईवडिलांशी आणि आजीआजोबांशी आज मला बोलायचं आहे. दुकानाची पाटी दिसली की जे मूल जागच्या जागी थांबतं, ‘कि-रा-णा’ असं मोठ्यानं वाचतं आणि मगच पुढे सरकतं, ते मूल माझ्या डोळ्यांसमोर आहे. अशा मुलांसाठी आम्ही तिघी मिळून एक छोटं पुस्तक करतो आहोत. मी पशुवैद्य आहे. माझी एक मैत्रीण बरीच वर्षं पहिलीचा वर्ग घेते, आणि चित्रं काढणारी तरुण मुलगी पंचवटीत राहते. गोष्ट नाशकातलीच आहे. रमा आणि समीर ही एका गल्लीत राहणारी दोन मुलं. समीरच्या घरी बिजली नावाची ठेंगणी घोडी आहे, आपण तट्टू म्हणतो तशी. आणि घोडीचं सगळं बघणारे समीरचे चाचा.

शहरात आता घोडं कुठे उरलंय, असं कुणी विचारलं तर त्याला थोडं मागे न्यावं लागेल. 1889 साली नाशिक गावातून नाशिक रोड स्टेशनापर्यंत ट्राम सुरू झाली, तेव्हा तिचे डबे घोडे ओढत होते. त्याआधी कितीतरी वर्षं मराठ्यांच्या घोडदळाची भिस्त होती ती भीमा-नीरेच्या खोऱ्यातल्या काटक भीमथडी तट्टांवर. ट्राम गेली, टांगेही दिसेनासे झाले, पण मुलांना घोडं अजून भेटतंच. वरातीत भेटतं, यात्रेत भेटतं, आणि दत्तजयंतीला सारंगखेड्याच्या बाजारात गेलं तर तापीकाठी घोडेच घोडे दिसतात. मुलाची आणि घोड्याची गाठ पडते ती मात्र पाठीवर बसण्यापुरती. दहा मिनिटं बसायचं, फोटो काढायचा, उतरायचं. उरलेला दिवस ते जनावर काय करतं, काय खातं, कुठे झोपतं, हे मुलाला कुणी सांगत नाही. आमचं पुस्तक त्या उरलेल्या दिवसाचं आहे.

आता वाचायला शिकणाऱ्या मुलाचं पुस्तक कसं असतं, ते थोडं सांगते. अक्षर ठसठशीत, दोन ओळींत भरपूर जागा, एका पानावर तीन-चार ओळी, आणि प्रत्येक वाक्य दोन-तीन शब्दांचं. सुरुवातीला जोडाक्षरं टाळायची. शब्द अर्धा तोडून पुढच्या ओळीवर टाकायचा नाही. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे तेच शब्द पुन्हा पुन्हा यायला हवेत. मोठ्यांना पुनरुक्ती खटकते. मुलाला मात्र ती हवी असते, कारण पहिल्यांदा अक्षर अक्षर लावून वाचलेला शब्द चौथ्या-पाचव्या वेळी त्याला एका नजरेत ओळखू येतो. तो ओळखू आल्याचा आनंद मुलाच्या चेहऱ्यावर अगदी स्पष्ट दिसतो.

आणि जनावराची देखभाल हेही पुन्हा पुन्हा तेच करण्याचं काम आहे. पाणी काल पाजलं म्हणून आज चुकत नाही. म्हणूनच मला वाटतं, वाचायला लागलेल्या मुलाच्या पहिल्यावहिल्या पुस्तकासाठी याच्याइतका योग्य विषय दुसरा नाही. आमच्या पुस्तकाचं पहिलं पान तुम्हाला वाचून दाखवते.

सकाळ झाली.
समीर आला. रमा आली.
बिजलीला पाणी हवं.
रमाने बादली भरली.

पुढच्या पानावर दिवस बदलतो. ‘आज पाऊस आला. बिजलीला पाणी हवं.’ मग, ‘आज शाळा नाही. बिजलीला पाणी हवं.’ ‘आज दिवाळी. बिजलीला पाणी हवं.’ ही पानं मैत्रिणीनं तिच्या वर्गात वाचली, तेव्हा तिसऱ्या पानापासून ते वाक्य मुलंच म्हणायला लागली. ती नुसतं पान उलटायची.

मधेच एक पान येतं: ‘आज रमा रुसली.’ बिजलीवर आधी कोण बसणार यावरून दोघांचं भांडण झालेलं आहे. समीर म्हणतो, घोडी माझी. रमा म्हणते, रोज पाणी मी भरते. दोघंही तोंड फिरवून बसलेत, आणि चित्रात मागे बादली कोरडी पडली आहे. त्या पानाच्या तळाला तेच वाक्य, ‘बिजलीला पाणी हवं.’ एवढंच. चाचा चित्रात आहेत, पण ते मुलांना रागावत नाहीत की समजावत नाहीत. पुढच्या पानावर बादलीची कडी एकीकडून रमानं धरली आहे, दुसरीकडून समीरनं. पंधरा लिटरची भरलेली बादली सहा-सात वर्षांच्या मुलाला एकट्याला उचलतच नाही. म्हणून ती अर्धी भरलेली, आणि दोघांच्या मधे, थोडी समीरच्या बाजूला कललेली. सुरुवातीला चित्रकार मुलीनं तिथे दोघांना गळ्यात गळे घालून दाखवायचं ठरवलं होतं. मी बादलीसाठी हट्ट धरला. मैत्री त्या कडीवरच्या दोन हातांत दिसते, आणि मुलं ती बरोबर ओळखतात.

पाण्याबद्दल इतकं का लिहिलं, तर उन्हाळ्यात कामावर असलेलं तट्टू दिवसाला वीस-पंचवीस लिटर पाणी सहज पितं. पाणी कमी पडलं की आतड्यातला चारा कोरडा होतो, अडकतो आणि पोट दुखायला लागतं. घोड्याच्या पोटदुखीला हलकं समजू नका. घोड्याला उलटी करता येत नाही. जे आत गेलं ते पुढेच जायला हवं, आणि गेलं नाही तर जिवावर बेततं.

खाण्याचंही तसंच. एवढं मोठं जनावर, पण त्याचं जठर शरीराच्या मानानं लहान असतं. निसर्गतः ते दिवसभर थोडं थोडं चरणारं. म्हणून गवत आणि कोरडा चारा जास्त, विभागून, आणि चंदी बेताची. चंदी म्हणजे भिजवलेला हरभरा वगैरे, पूर्वी तोबऱ्यातून खायला घालायचे ती. चाऱ्याचा अंदाज असा की वजनाच्या साधारण दीड ते दोन टक्के, म्हणजे दोनशे किलोच्या तट्टाला तीन ते चार किलो सुका चारा. यात्रेत माणसं प्रेमानं पेढा देतात, पाव देतात, उरलेली भजी देतात. कृपा करून देऊ नका. आणि आपल्या जिल्ह्यात तर आणखी एक सांगायलाच हवं: कांदा घोड्याला बाधतो. त्यानं रक्तातल्या तांबड्या पेशी फुटतात. लासलगावच्या शेजारच्या गावांत कांद्याचे ढीग दाराशी असतात, पात, साली, सडके कांदे सगळीकडे पडलेले असतात, त्यामुळे हे मुलांना ठाऊक हवंच. पुस्तकात ते पान सगळ्यात सोपं आहे. ‘गवत? हो. गाजर? हो. कांदा? नको!’ वर्गातली मुलं ‘नको’ इतक्या जोरात ओरडतात की शेजारच्या वर्गातल्या बाई डोकावून जातात.

गाजर द्यायचं तेही लांब तुकडे करून, आणि तळहात सपाट ठेवून, अंगठा चिकटवून. घोड्याला स्वतःच्या ओठांखालचं दिसत नाही, ओठांनीच चाचपून ते उचलतं. बोटं पुढे आली तर बोटही गाजरच वाटायचं.

आपल्याकडे एक जुनं कोडं आहे, तुम्हीही लहानपणी घातलं असेल. भाकरी का करपली? पान का सडलं? घोडा का अडला? तिन्हींचं उत्तर एकच, न फिरवल्यामुळे. हे कोडं करणाऱ्याला घोडं नीट माहीत होतं. एका जागी बांधून ठेवलेल्या घोड्याचे पाय सुजतात, पोट बिघडतं, स्वभावही बिघडतो. ते कळपात राहणारं जनावर आहे. त्याला चालणं हवं आणि सोबत हवी. दुसरं घोडं नसेल तर निदान माणसाची ये-जा हवी, शेळी असली तरी चालते.

मग खरारा. लोखंडी दातांचा खरारा पाठीवर आणि पुठ्ठ्यावर, तोही हलक्या हातानं. चेहऱ्यावर आणि गुडघ्याखाली फक्त मऊ ब्रश. खरारा करताना हाताला सगळं कळतं, कुठे गोचीड आहे, कुठे खोगिराखाली कातडी सोलली आहे, कुठे हात लावला की अंग शहारतं. पायाचा खूर रोज उचलून, लोखंडी आकडीनं तळाची माती काढायची, कारण मधला त्रिकोणी मऊ भाग ओला राहिला की कुजतो. हे चाचांनी करायचं, मुलांनी दिवा धरायचा. नालबंदाला साधारण सहा ते आठ आठवड्यांनी बोलवायचं, नाल असो वा नसो, खूर वाढतच असतो. हे सगळं आम्ही दोन पानांत बसवलं आहे, आणि त्या प्रत्येक चित्रात मोठं माणूस जवळ उभं आहे. सहा वर्षांच्या मुलाच्या एकट्याच्या भरवशावर घोडं सोडायचं नसतं, आणि घोड्याच्या भरवशावर मूलही.

माझ्या ओळखीच्या एका चाचांच्या घरात तीन पिढ्या घोडी आहेत. त्यांच्या नातवाची शाळूसोबतीण एकदा धावत घोडीच्या मागून आली, तेव्हा त्यांनी तिला हात धरून बाजूला घेतलं आणि म्हणाले, “बेटा, मागून कधीच नाही यायचं. एकदम नाकासमोरून पण नको. खांद्याकडून ये, आणि येताना बोलत ये, म्हणजे तिला कळतं तू आलीस.” ते शब्द मी जवळजवळ तसेच पुस्तकात घेतले. घोड्याचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना असतात, म्हणून त्याला आजूबाजूचं फार मोठं आवार दिसतं. फक्त थेट शेपटीमागचं आणि अगदी कपाळासमोरचं दिसत नाही. न दिसलेली हालचाल झाली की लाथ बसते. त्यात वाईटपणा नसतो, भीती असते.

आमची बिजली बोलत नाही, हे मी मुद्दाम सांगते. मुलांच्या पुस्तकांतली जनावरं फार बोलतात, ‘मला भूक लागली’, ‘मला वाईट वाटलं’ असं शुद्ध मराठीत सांगतात. मला ते पटत नाही. जनावरानं स्वतः सांगितलं तर मुलानं बघायचं काय? आमच्या पानांवर बिजलीचे कान बघायचे असतात. कान पुढे टवकारले, तिला काहीतरी ऐकू आलं. कान सैल, एक मागचा पाय किंचित दुमडलेला, ती उभ्या उभ्या डुलकी घेते आहे. कान मागे पाडून मानेला चिकटवले, तिला आत्ता कुणी जवळ नको आहे. शब्द न वाचता येणारं धाकटं भावंडही ही चित्रं वाचतं, आणि मोठ्याला सांगतं, “आता नको जाऊ, ती चिडली.”

हे एकदा शिकलं की मूल वरातीत वेगळ्या नजरेनं उभं राहतं. डीजेच्या भिंतीशेजारी उभ्या असलेल्या घोडीचे कान त्याला दिसतात. अशा वेळी मुलानं विचारलं, “हिला त्रास होतोय का?” तर ‘गप्प बस’ म्हणू नका. होतोच आहे. कायदाही आपल्या बाजूनं आहे. ओझ्याच्या आणि गाडीच्या जनावरांसाठी 1965 पासून नियम आहेत. तट्टाच्या पाठीवर 70 किलोंपेक्षा जास्त ओझं लादायचं नाही, दिवसात नऊ तासांपेक्षा जास्त काम घ्यायचं नाही, आणि सलग पाच तासांनंतर विश्रांती द्यायची. पारा 37 अंशांवर गेलेला असेल तर दुपारी 12 ते 3 कामाला जुंपायचं नाही. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पारा तिथवर कितीदा जातो ते तुम्हाला माहीत आहे. भर दुपारी मुलानं घोड्यावर बसायचा हट्ट धरला, तर संध्याकाळी आणू असं सांगा. घोडेवाल्याशी भांडायची गरज नाही, त्याचं पोट त्यावर आहे. पण गिऱ्हाईकच दुपारी आलं नाही, तर तोही सावलीला थांबेल.

आता आमच्या तिघींत एका पानावरून वाद चालू आहे, तोही सांगते. तेराव्या पानावर बिजली आजारी पडते. गवत खात नाही, पुढचा पाय जमिनीवर आपटते, मान वळवून पोटाकडे बघते, खाली बसते, लोळते. पहिलीच्या मुलांना हे वाचून भीती वाटेल, असं मैत्रिणीला वाटतं. मला ते पान हवंच आहे, कारण पोटदुखीची लक्षणं नेमकी हीच असतात आणि ती सगळ्यांत आधी बहुधा घरातल्या मुलालाच दिसतात. मूलच तिच्याजवळ घुटमळत असतं. आमच्या गोष्टीत समीर पळत जाऊन चाचांना सांगतो, “बिजली पोट बघते.” चाचा समोरचा चारा काढून घेतात. काढा पाजत नाहीत, नळीनं तेल ओतत नाहीत, कारण ते श्वासनलिकेत गेलं तर घात होतो. ते डॉक्टरला फोन लावतात. शासनाचा पशुवैद्यकीय मदतीचा 1962 हा क्रमांक चित्रात भिंतीवर खडूनं लिहिलेला आहे. अंक वाचायला शिकणाऱ्या मुलाला तोही वाचता येतो. डॉक्टर येईपर्यंत चाचा बिजलीला हळूहळू चालवतात, आणि रमा-समीर ओट्यावर बसून राहतात. दुसऱ्या दिवशी सकाळी तीच बादली, तेच वाक्य.

परवा मैत्रिणीनं ते पान वर्गात वाचून बघितलं. एका मुलानं मधेच विचारलं, “डॉक्टर कधी येणार?” तिनं पान उलटलं, त्यानं पुढचं वाक्य स्वतःच वाचलं, आणि मग मागचं पान पुन्हा उघडायला लावलं. पान राहणार आहे. चित्रं पूर्ण झाली की गंगेत घोडं न्हालं.

नमस्कार.