गिटार कुठे आहे?

(काळा पडदा. फक्त आवाज.)

जरा वेळ फक्त ऐका. खालच्या पट्टीत एक जाडजूड, किंचित खरखरीत आवाज तीच ती ओळ फिरवतोय. तबल्याच्या सोलोला लेहरा धरून बसावं, तसा. बास गिटार वाटतेय ना? नाहीये. हा एआरपी ओडिसी नावाचा सिंथेसायझर आहे आणि तो वाजवणारा मूळचा पियानोवाला.

(अल्बमचं कव्हर पडद्यावर येतं.)

हर्बी हॅनकॉक. अल्बम 'हेड हंटर्स', साल १९७३. आणि आत्ता जे वाजलं ते 'कमेलियन', पंधरा मिनिटांहून लांब.

कव्हरवर मधोमध बसलेल्या हॅनकॉकचा चेहरा दिसतच नाही. पश्चिम आफ्रिकेतल्या बाउले लोकांचा एक मुखवटा आणि टेपरेकॉर्डरच्या हेडमध्ये साठलेलं चुंबकत्व काढून टाकायचं उपकरण, या दोन्हींवरून तो चेहरा बेतलाय. अल्बममध्ये काय आहे, ते इतक्या नेमकेपणानं सांगणारं कव्हर क्वचितच सापडतं.

(शिकागोची जुनी छायाचित्रं.)

हॅनकॉक शिकागोचा. अकराव्या वर्षी शिकागो सिंफनी ऑर्केस्ट्राबरोबर मोझार्ट वाजवलेला मुलगा. कॉलेजात मात्र सुरुवातीला इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंग घेतलं होतं, त्यामुळे तारा आणि बटणं यांचं त्याला कधी दडपण आलं नाही. १९६३ पासून काही वर्षं जॅझमधला दिग्गज ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिस याच्या बँडमध्ये काढली. मग स्वतःचा सहाजणांचा बँड. त्याचं संगीत धाडसी होतं, पण श्रोत्यांपासून दूर दूर जात चाललेलं, आणि बँड पोसणंही परवडेना. फार दिवस उंच हवेत तरंगून झालं, आता पाय जमिनीला लागावेत, असं त्याला वाटायला लागलं. बँड मोडला.

कोणाला ठेवायचं आणि कोणाला नवीन बोलवायचं, यातच 'हेड हंटर्स'चा अर्धा निकाल लागला, असं मला वाटतं. जुन्यातला एकच माणूस राहिला, सॅक्सोफोन आणि बास क्लॅरिनेट वाजवणारा बेनी मॉपिन. नवे आले ते बासवर पॉल जॅक्सन, ड्रम्सवर हार्वी मेसन आणि तालवाद्यांवर बिल समर्स. फंक, म्हणजे ठेक्यावर उभं असलेलं नाचरं संगीत, वाजवायचा बेत, आणि गिटारवादकाला बोलावणंच नाही!

(क्लोज-अप : क्लॅव्हिनेटच्या पट्ट्या.)

गिटारची जागा भरली ती या पेटीनं, होनर क्लॅव्हिनेटनं. हिच्यात खरोखरच तारा आहेत. पट्टी दाबली की खालचा रबरी तुकडा तार दाबून धरतो, तार कंप पावते आणि इलेक्ट्रिक गिटारमध्ये असतो तसाच पिकअप तो कंप टिपतो. बोट उचललं की स्वर तिथल्या तिथे खलास. म्हणून हिच्यावर सुरावट लांबवत बसायची नसते, बोटं आपटून ठेका धरायचा असतो. हॅनकॉक तेच करतो. तिकडे पॉल जॅक्सन हातातली बास नेतो वरच्या स्वरांत, आणि एखाद्या रिदम गिटारसारखी खुटखुट करत राहतो. म्हणजे पियानोवाला बास वाजवतोय आणि बासवाला गिटार! जागांची अशी अदलाबदल झाली की कान आपोआप टवकारतात.

बहुतेक वेळ स्वरसंगती फक्त दोन, त्याही आलटून पालटून. त्यांच्यावर हॅनकॉकचा ओडिसीवरचा सोलो. त्या सुरुवातीच्या ओडिसीवर मींड काढायची तर एक गोल बटण फिरवावं लागायचं, म्हणजे एक हात पट्ट्यांवर, दुसरा बटणावर. सोलोत स्वर कसे घसरतात, वाकतात, ते ऐका. पुढे मधल्या भागात फेंडर ऱ्होड्स हा इलेक्ट्रिक पियानो येतो, तेव्हा हाच माणूस पुन्हा अस्सल जॅझ पियानोवादक होतो.

(बाटलीच्या तोंडावर फुंकर. दुसरी रचना सुरू.)

'वॉटरमेलन मॅन' ही त्याची स्वतःचीच १९६२ची रचना. लहानपणी शिकागोत ऐकलेल्या कलिंगडवाल्याच्या गाडीच्या चाकांची लय तिच्यात आहे. इथे हार्वी मेसननं तिचा वेग उतरवून पार कायापालट केला. आणि सुरुवातीला बिल समर्स बिअरच्या बाटलीत फुंकतोय. मध्य आफ्रिकेतल्या बाबेंझेले लोकांची हिंदेव्हू नावाची एक शिट्टी असते. तिच्यातून स्वर एकच निघतो, त्यामुळे एक फुंकर शिट्टीत, पुढचा स्वर गळ्यातून, अशी वीण घालत जायची. समर्सनं तीच युक्ती बाटलीवर केली. काही हजार मैलांवरचं संगीत असं उचलावं का, हा प्रश्न पुढे अभ्यासकांनी विचारला, आणि तो रास्तच आहे. कानाला मात्र ते चिकटून बसतं.

उरलेल्या दोन रचनांपैकी 'स्लाय' म्हणजे फंकवाला गायक-संगीतकार स्लाय स्टोन याला केलेला सलाम. 'व्हेन मेल्टर' संथ आहे, ती रात्री ऐका.

अल्बम तुफान खपला. हॅनकॉकनं जॅझ विकायला काढला, अशी कुरकुरही झाली. ज्याला जे म्हणायचं ते म्हणू द्या. ऱ्होड्सवरचा तो सोलो विकाऊ माणसाच्या बोटांतला नाही.

१९७४च्या 'थ्रस्ट' या पुढच्या अल्बममध्ये ड्रम्सवर मेसनऐवजी माइक क्लार्क आला. बाकी मंडळी तीच.

(पडद्यावर साल : १९७५. गिटारच्या वाह-वाह पेडलवर एक पाऊल.)

आणि त्यानंतरच्या 'मॅन-चाइल्ड'मध्ये, अखेर, गिटारवाले आले.