हरलेले डाव

नमस्कार श्रोतेहो. आज बुद्धिबळाबद्दल थोडं बोलू या.

१२ डिसेंबर २०२४. सिंगापूर. जगज्जेतेपदाच्या लढतीचा चौदावा, म्हणजे शेवटचा डाव. दोघांचे गुण सारखे, साडेसहा-साडेसहा. गतविजेता डिंग लिरेन पांढऱ्या मोहऱ्या घेऊन बसला आहे, समोर अठरा वर्षांचा डी. गुकेश. पटावर आता फारसं काही उरलेलं नाही. दोघांकडे एकेक हत्ती, एकेक उंट आणि चार-दोन प्यादी. गुकेशचं एक प्यादं जास्त आहे, पण डाव बरोबरीत सुटणार असंच सगळे धरून चाललेत. पंचावन्नाव्या चालीला डिंग आपला हत्ती गुकेशच्या हत्तीसमोर आणून ठेवतो. जणू म्हणतो, चल, करून टाकू अदलाबदल. पण त्याचा उंट पटाच्या पार कोपऱ्यात जाऊन बसलाय. हत्ती गेले की गुकेश आपला उंट त्याच्या अंगावर घालणार, मग उंटही जाणार, आणि उरणार नुसते राजे आणि प्यादी. तिथे ते जास्तीचं प्यादं डाव जिंकून देणार.

गुकेशच्या हे लक्षात आलं आणि तीनच चालींत डिंगनं डाव सोडला. त्यानंतर गुकेश रडला, ते तुम्ही टीव्हीवर पाहिलं असेल. मला त्याहून लक्षात राहिलंय ते वेगळंच. रडता रडताच तो सगळी मोहरी उचलून पुन्हा आपापल्या घरांत मांडत होता. सर्वांत कमी वयाचा जगज्जेता, आणि हात मात्र सवयीनं चाललेले.

आता दुसऱ्या दिवसापासून काय आठवलं जातं? गुकेश जगज्जेता झाला, एवढंच. लढतीचा पहिला डाव तो पांढऱ्या मोहऱ्यांनी हरला होता, हे किती जणांना आठवतं? आणि डिंगनं बारावा डाव जिंकून गुण पुन्हा सारखे केले होते, हे? खेळाडूची कारकीर्द आपण किताबांवरून मोजतो. मला विचाराल तर तो कुठे हरला आणि त्यानंतर त्यानं काय केलं, हे मी आधी बघतो.

जुन्या पिढीतली एक गोष्ट घ्या. १९२७ साली ब्युनोस आयर्समध्ये आलेखाइननं कापाब्लांकाचं जगज्जेतेपद हिसकावून घेतलं. चौतीस डाव चालली ती लढत. कापाब्लांका म्हणजे १९१६ ते १९२४, आठ वर्षं एकही डाव न हरलेला माणूस. त्यानं परतीची लढत मागितली, पण ती त्याला कधीच मिळाली नाही. मग १९३५ साली आलेखाइन स्वतः हरला, तेही कुणाकडून? माक्स युवे नावाच्या डच गणित शिक्षकाकडून, तीस डावांत अवघ्या एका गुणानं. या मास्तरांनी मात्र ठरल्याप्रमाणे दोनच वर्षांत आलेखाइनला परतीची लढत दिली. आणि हरले! पुढे १९७० साली हेच युवे जागतिक बुद्धिबळ महासंघाचे अध्यक्ष झाले.

परतीच्या लढतीचा खरा फायदा उठवला तो बोत्विनिकनं. आधी स्मिस्लोवकडून आणि मग तालकडून किताब गमावून, दोन्ही वेळा त्यानं तो वर्षभरात परत मिळवला.

वेरा मेन्चिकची गंमत सांगायलाच हवी. १९२७ साली ती महिलांची पहिली जगज्जेती झाली. १९२९ मध्ये कार्ल्सबाडला मोठमोठ्या पुरुष खेळाडूंच्या स्पर्धेत तिला बोलावलं, तेव्हा आल्बर्ट बेकर नावाच्या खेळाडूनं थट्टा केली की, जो हिच्याकडून हरेल त्याला ‘वेरा मेन्चिक क्लब’चा सभासद करायचं. पहिला सभासद कोण झाला? बेकर! त्या स्पर्धेत मेन्चिक शेवटची आली, हे कुणी फारसं सांगत नाही. पण क्लब वाढत गेला आणि युवे त्यात एकदा नव्हे, दोनदा दाखल झाला. १९४४ साली लंडनवरच्या बॉम्बहल्ल्यात ती गेली, तेव्हाही महिलांची जगज्जेती तीच होती.

आणि मार्क ताइमानोव. १९७१, व्हँकूव्हर. बॉबी फिशरविरुद्ध सहा डाव, सहाही हरला. एकही बरोबरी नाही. बरोबरीत सुटले असते असे डावसुद्धा त्यानं घालवले. मी ते डाव पटावर मांडून पाहिलेत. वाईट वाटतं, कारण माणूस वाईट खेळलेला नाही. निदान आकड्यावरून वाटतो तेवढा तर नाहीच. पण मायदेशी, सोव्हिएत संघात, हा आकडा कुणाला पटेना. सामानात सोल्झेनित्सिनचं बंदी असलेलं पुस्तक सापडलं, तेवढं निमित्त पुरलं. मानधन बंद झालं, परदेशी जाणं बंद झालं. थोड्याच दिवसांत डेन्मार्कचा लार्सनही फिशरकडून सहा-शून्य असाच हरला, तेव्हा कुठे लोकांना कळलं की समोरचा माणूसच काही वेगळा आहे. ताइमानोवनं पुढे या पराभवावर चक्क एक पुस्तक लिहिलं. शिवाय तो पियानोवादक होता, हौशी नव्हे, खराखुरा. विसाव्या शतकातल्या थोर पियानोवादकांच्या ध्वनिमुद्रणांचा मोठा संच निघाला, त्यात त्याचं आणि त्याच्या पत्नीचं जोडवादन आहे.

आपल्या विश्वनाथन आनंदचं पाहा. २०१३ साली चेन्नईत, घरच्या लोकांसमोर, तो मॅग्नस कार्लसनकडून हरला. दहा डावांत एकही विजय नाही. आता हा संपला, असं जाणकारही म्हणाले. आणि काही महिन्यांतच, मार्च २०१४ मध्ये, खांटी-मान्सीस्कला आव्हानवीर ठरवणारी स्पर्धा तो एकही डाव न हरता जिंकून मोकळा झाला. त्यानंतरची लढतही कार्लसननंच जिंकली, तो भाग वेगळा. पण २०१७ च्या डिसेंबरमध्ये रियाधला जलद बुद्धिबळाचा जागतिक किताब आनंदनं घेतला, वाटेत कार्लसनला हरवून. वय अठ्ठेचाळीस!

कोनेरू हंपीची तऱ्हा तीच. २०२४ मध्ये न्यूयॉर्कला जलद बुद्धिबळाच्या जागतिक स्पर्धेत ती पहिलीच फेरी हरली, आणि अकरा फेऱ्या संपल्या तेव्हा विजेती होती. पुढच्या जुलैत बाटुमीला विश्वचषकाची अंतिम लढत, समोर नागपूरची दिव्या देशमुख. हंपीच्या नेमक्या निम्म्या वयाची. मुख्य दोन्ही डाव बरोबरीत, जलद डावांतला पहिलाही बरोबरीत. दुसऱ्यात दिव्या काळ्या मोहऱ्यांनी जिंकली. त्या एका विजयानं तिला ग्रँडमास्टर किताबही मिळाला. दोघीही भारतीय, म्हणून दुसऱ्या दिवशीच्या बातमीत हरलेलीचं नाव आणि फोटोही आला. एरवी येत नाही.

वेळ संपत आली. इथेच थांबतो. नमस्कार.