५०,००० वेळा मेलेला माणूस

(लाकडी वेस, कौलारू घरं)

क्योतो शहरातलं हे उझुमासा. जुन्या गावासारखं दिसतं, पण सगळा सेट आहे. तोएई कंपनीच्या स्टुडिओनं जपानी टीव्हीला वर्षानुवर्षं सामुराई मालिका पुरवल्या त्या इथूनच.

(तलवार, अगदी जवळून)

ही बांबूची पट्टी, वर चंदेरी वर्ख. हिला म्हणतात ताकेमित्सु. धार नाही, वजन नाही. नायक नुसता हात फिरवतो. वार खरा वाटतो तो समोरचा कसा पडतो त्यावर. हे पडणाऱ्याचं काम म्हणजे किरारेयाकु, कापला जाणारा नट. बिनचेहऱ्याच्या अशा नटांची एक सामायिक खोली असायची, ओबेया. शब्दशः मोठी खोली. १९४३ साली जन्मलेले सेइझो फुकुमोतो १५व्या वर्षी तोएईत आले आणि त्याच खोलीतून मरायला जात राहिले. ५०,००० वेळा कापला गेलेला माणूस, अशी त्यांची ख्याती.

(संथ गतीत, दोनदा)

पाय बघा. वार बसलाय, पण माणूस कोसळत नाही. गुडघे वाकतात, पाठ मागे झुकत जाते, मान उलटी होते, हात हवेत. आणि मग धाडकन. ही एबी-झोरी, कोळंबीसारखी कमान. अशा वाकण्यात चेहरा कॅमेऱ्याकडे येतो. ज्याच्या वाट्याला संवादच नाही, त्यानं प्रेक्षकांना तोंड दाखवायला शोधलेली ही जागा. अभिनय याहून वेगळा काय असतो?

'मितो कोमोन' ही मालिका १९६९ साली सुरू झाली. सोमवारी रात्री ८ वाजता घरोघरी लागायची. शेवटी म्हाताऱ्या सरदाराची कुलचिन्ह असलेली डबी पुढे यायची आणि सगळे गुडघ्यांवर. पण त्याआधी चकमक हवीच, आणि चकमकीत पडायला माणसं हवीत.

२०११ मध्ये ती संपली. खासगी वाहिन्यांवरच्या दर आठवड्याच्या सामुराई मालिकाही संपल्या, आणि पडणाऱ्यांचं काम आटलं.

(पोस्टर)

२०१४. 'उझुमासा लाइमलाइट' हा चित्रपट. सत्तरीत पोचल्यावर फुकुमोतो पहिल्यांदा नायक झाले, आणि मॉन्ट्रियलच्या फँटेझिया महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेताही. १ जानेवारी २०२१ रोजी ते गेले.

(त्यांचा चेहरा. निवेदन नाही.)

(तालीम)

तोएई केनकाई, तलवारबाज नटांचा १९५२ पासूनचा गट. त्यातली ही आजची मंडळी. वार बसला. पाठ वाकतेय. मान अजून मागे जायला हवी.

पुन्हा.