घटिकापात्राजवळची रात्रपाळी

मित्रहो, काळाच्या गूढाचा अभ्यास करणारा एक संघ मला कथेसाठी हवा होता. पहिल्या खर्ड्यात मी त्यांना सगळं पुरवलं: काळे झगे, भुयारातलं ग्रंथालय, वाळूची घड्याळं, कुजबुजत बोलणारे आचार्य. वीसेक पानं झाल्यावर लक्षात आलं, या मंडळींना कामच नाही. सकाळी उठून ती करतात काय? मला सांगता येईना. मग कल्पना गुंडाळून ठेवली आणि काळावर खरोखर डोकेफोड केलेल्या माणसांकडे वळलो.

आणि काय सांगू, तिथे भांडणंच भांडणं!

सर्वास्तिवादी नावाचा बौद्ध पंथ घ्या. त्यांची भूमिका नावातच आहे: सर्व आहे. झालेलं आहे, होतंय ते आहे, व्हायचंय तेही आहे. मग लगेच पेच पडतो. तिन्ही काळातलं सगळं जर ‘आहे’च, तर काल आणि उद्या यांत फरक काय राहिला? वसुबंधू या बौद्ध विचारवंताने यावर चार आचार्यांची चार उत्तरं नोंदवून ठेवली आहेत. धर्मत्रात म्हणतो, सोन्याचं भांडं मोडून दुसरं घडवलं तर घाट बदलतो, सोनं तेच राहतं. घोषक म्हणतो, एका स्त्रीवर मन जडलेला पुरुष बाकीच्यांच्या बाबतीत विरक्त झालेला नसतो. तसंच वर्तमानातल्या वस्तूचा भूत-भविष्याशी संबंध तुटलेला नसतो. (हे उदाहरण ऐकून मठात कोणी हसलं असेल का, हा माझा जुना प्रश्न आहे.) बुद्धदेवाचं उत्तर घरगुती: एकच बाई कुणाची मुलगी असते, कुणाची आई असते. कुणाच्या संदर्भाने बघता त्यावर नाव ठरतं.

मला भावला तो वसुमित्र. त्याच्याकडे मोजणीची गोटी आहे. एककाच्या घरात ठेवली तर ती एक, शंभराच्या घरात ठेवली तर शंभर. गोटी तीच, घर वेगळं. वस्तू आपलं काम करत असते तेव्हा ती वर्तमान. काम व्हायचं असेल तर भविष्य, होऊन गेलं असेल तर भूत. पंथाने हेच उत्तर उचलून धरलं. पण वसुबंधू साधा माणूस नव्हे. तो विचारतो, वस्तू जर कायमच आहे, तर तिला कायम काम करण्यापासून अडवतं कोण?

अडवतं कोण, याचं एक उत्तर भर्तृहरीकडे सापडतं. हा व्याकरणकार. व्याकरणकाराला काळ सुटणार कसा? क्रियापद आलं की तो आलाच. भर्तृहरी काळाला या जगाच्या यंत्राचा सूत्रधार म्हणतो आणि त्याला दोन कामं देतो, अडवणं आणि मोकळीक देणं. सगळं एकदम घडून जात नाही, कारण काळ बहुतेक गोष्टी रोखून धरतो आणि ज्याची पाळी आली त्याला सोडतो. काळाला धावता घोडा म्हणणारे पुष्कळ भेटतात. त्याला दारावर बसवणारा मला हा एकच भेटला.

तर, भांडण मिळालं. आता काम. ते मला घटिकापात्राने दिलं. तळाला बारीक छिद्र असलेली वाटी पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की एक घटिका, म्हणजे 24 मिनिटं. ‘घटका भरली’ असं आपण सहज म्हणून जातो, ती घटका ही. दिवसरात्रीत 60 घटिका, म्हणजे वाटी 60 वेळा बुडणार आणि 60 वेळा कोणीतरी ती उचलून पुन्हा पाण्यावर ठेवणार. काळाचं तत्त्वज्ञान कितीही उंच जाऊ दे, खाली एक माणूस जागा हवाच. सहाव्या शतकातल्या ख्रिस्ती संत बेनेडिक्टच्या मठनियमात प्रार्थनेची वेळ झाल्याचं सांगण्याची जबाबदारी मठाधिपतीवर आहे. नाहीतर त्याने ती एखाद्या दक्ष भिक्षूवर सोपवायची. वाटीहून लहान मापं तर शरीरातच होती. दहा गुरू (लांब उच्चाराची) अक्षरं उच्चारायला लागतो तो एक प्राण, म्हणजे एक श्वास; सहा प्राणांचं एक पळ, साठ पळांची घटिका. प्राण म्हणजे आजचे 4 सेकंद.

हे सगळं जुनं झालं म्हणाल, तर आजचा संघ बघा. 1967 पासून सेकंद म्हणजे सीझियमच्या अणूची 9,19,26,31,770 स्पंदनं. जगभरच्या प्रयोगशाळांतली शेकडो अणुघड्याळं आपापले आकडे पॅरिसजवळच्या वजन-मापांच्या आंतरराष्ट्रीय कार्यालयाकडे पाठवतात. तिथे हिशेब होतो आणि कोणतं घड्याळ किती चुकत होतं ते पुढच्या महिन्यात परिपत्रकाने कळतं. म्हणजे या क्षणी नेमके किती वाजले, याचा शेवटचा निकाल आत्ता कुणाकडेच नाही. मी हे कथेत घातलं असतं तर संपादकाने ‘अतिरंजित’ म्हणून कापलं असतं.

माझ्या नव्या खर्ड्यात झगे नाहीत. वाटी आहे, वही आहे आणि रात्रपाळीला बसवलेला एक मुलगा आहे. तो झोपतो. सूर्योदयाला हिशेब जुळवतात तेव्हा वहीत तीन घटिका कमी भरतात. एक आचार्य म्हणतो, तीन रेघा ओढा आणि विषय मिटवा. दुसरा अडतो: वाटी तळाशी पडून होती, तेव्हा ती आपलं काम करत नव्हती, मग त्या घटिका झाल्या कशा? तिसऱ्याला मुलाने झोपेत किती श्वास घेतले ते हवंय. दिवस चांगला वर येतो. कोणी रेघ ओढत नाही, आणि या गडबडीत सकाळची पहिली वाटी पाण्यावर सोडायची राहून जाते.