तानेतला दमसास

नमस्कार, श्रोतेहो.

परवा नातीने फोन माझ्या कानाशी धरला. "आजोबा, ओळखा कोण गातंय?" भीमपलास राग होता. सूर चोख, सपाट तान वरच्या 'सा'पासून थेट खाली उतरलेली. मी "वा!" म्हणून बसलो. तशी ती खो-खो हसली. गाणारं कुणी नव्हतंच! तिने दोन ओळी टाइप केल्या होत्या, बाकी सगळं यंत्राचं.

पुन्हा ऐकलं, तेव्हा खटकलं. इतक्या लांब तानेत श्वास कुठेच घेतलेला नव्हता.

नक्कल म्हणून नाक मुरडणं सोपं आहे. पण ग्वाल्हेरच्या लष्कर भागात जन्म काढून मला ते जमायचं नाही. आमचं ग्वाल्हेर घराणंच चोरून ऐकण्यावर पोसलंय. हस्सू खाँ आणि हद्दू खाँ या भावांनी पडद्याआड बसून त्या काळचे नामांकित गवई बडे मोहम्मद खाँ यांची तान उचलली, असं सांगतात. कृत्रिम बुद्धिमत्ता तरी दुसरं काय करते? ढिगाने ध्वनिमुद्रणं ऐकते आणि कोणत्या सुरामागून कोणता येईल, याचा अंदाज बांधते.

फक्त त्या गोष्टीला पुढचा भाग आहे. भर दरबारात मोहम्मद खाँनी हस्सू खाँना तीच 'कडक बिजली' तान घ्यायला लावली आणि त्यांची बरगडी मोडली म्हणे. खरंखोटं देव जाणे. पण हस्सू खाँचे शिष्य वासुदेवबुवा जोशी, त्यांच्याकडे शिकून बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी ही गायकी महाराष्ट्रात नेली, हा इतिहास आहे. प्रत्येकाच्या छातीच्या भात्याप्रमाणे ती थोडी बदलत गेली.

पडद्याआडून ऐकताना मोहम्मद खाँना कुणी विचारलं नव्हतं, हेही खरंच. आज विचारावं लागतं. संगीतकार ए. आर. रहमान यांनी दोन दिवंगत गायकांचे आवाज यंत्राकरवी गाण्यात आणले, ते घरच्यांची परवानगी घेऊन, मोबदला देऊन. अरिजित सिंग यांच्या आवाजाची परस्पर नक्कल करणाऱ्यांना 2024 साली मुंबई उच्च न्यायालयाने रोखलं. बरं झालं.

तर, नातीला म्हटलं, आता हीच तान तू घे. तंबोरा लावला. अर्ध्यावर तिचा दम संपला. थांबली, गंधारावर जरा रेंगाळली आणि तिथूनच एक छोटी तिहाई, म्हणजे तोच तुकडा तीनदा, घेऊन तालाच्या समेवर आली.

फोनमध्ये ती तिहाई नव्हती. मी शिकवलेलीही नव्हती.