फाळक्यांच्या गावात चोरीचा सिनेमा

शुक्रवारी सकाळी नाशिकमध्ये नव्या मराठी सिनेमाचा पहिला खेळ लागतो. संध्याकाळी सीबीएस बसस्थानकाजवळच्या चहाच्या टपरीवर त्याची लिंक या मोबाईलवरून त्या मोबाईलवर गेलेली असते. चित्र तिरकं, आवाज घुमणारा. मध्येच पडद्यासमोरून कुणाचं तरी डोकं जातं, कुणीतरी खोकतं. तरी पोरं चहा गार होईपर्यंत बघत राहतात.

याच जिल्ह्यात, त्र्यंबकेश्वरला, १८७० साली दादासाहेब फाळके जन्मले. १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' तयार होत होता तेव्हा त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई दिवसा साऱ्या कंपनीचा स्वयंपाक करायच्या आणि रात्री अंधारात बसून कच्च्या फिल्मच्या कडेला भोकं पाडायच्या. त्यांचे दागिनेही या वेडापायी गेले. तेव्हा सिनेमाची प्रत म्हणजे पेटीत भरलेली रिळं. ती न्यायची तर माणसं लागत.

आता एक क्लिक पुरतं. २००१ मध्ये टॉरंटचं तंत्र आलं. त्यात फाइलचे तुकडे होतात आणि उतरवून घेणारा प्रत्येक जण ते पुढेही वाटत राहतो. मग अडवायचं कुणाला? न्यायालय साइट बंद करतं, ती पत्त्याचं शेपूट, म्हणजे शेवटचं डॉट-कॉम वगैरे, बदलून परत हजर होते. सिनेमा फुकट आणि कमाई जाहिरातींवर, त्यातही सट्ट्याच्या. २०१६ च्या जूनमध्ये 'उडता पंजाब' प्रदर्शनाच्या दोन दिवस आधीच फुटला. त्या प्रतीवर सेन्सॉरसाठी दिल्याचा शिक्का तसाच होता.

२०२३ मध्ये कायदा कडक झाला. तीन महिने ते तीन वर्षं कैद, दंड किमान तीन लाख. थिएटरच्या प्रतीत डोळ्यांना न दिसणारी खूणही असते. कुठल्या पडद्यावर, किती वाजता चोरी झाली ते तिच्यावरून कळतं. पण ती शोधेपर्यंत शनिवार-रविवार हातचे जातात, आणि मराठी सिनेमाचं सगळं पहिल्या तीन दिवसांवर असतं.

चौघांना मल्टिप्लेक्सला न्यायचं तर खिसा रिकामा होतो, हे मला मान्य आहे. तिकीट स्वस्त व्हावं म्हणून आपण भांडू. पण सिनेमा बुडाला तर लाइटमनची, मेकअपदादांची थकलेली रोजी कुणाकडे मागायची?

सोमवारी गर्दी दिसली नाही की खेळ कापले जातात. चाराचे दोन, दोनाचा एक. तोही सकाळी साडेनऊचा, कॉलेज आणि ऑफिसच्या वेळेचा. टपरीवर त्या पोरांतलाच एक मनापासून विचारतो, "भारी होता पिक्चर. पुढचा भाग कधी येणार?"