लोकशाही: घटनेत न लिहिलेला शब्द

श्रोतेहो, नमस्कार.

अमेरिकेची राज्यघटना तशी आटोपशीर आहे. १७८७ साली तयार झालेला तिचा मूळ मसुदा निवांत बसून वाचला तरी तासाभरात वाचून होतो, आणि वाचून झाल्यावर दोन शब्द त्यात कुठेच आले नाहीत हे ध्यानात येते. एक 'लोकशाही' आणि दुसरा 'गुलाम'. १७९०च्या पहिल्या जनगणनेत त्या देशात सुमारे सात लाख गुलाम मोजले गेले. त्यांच्याविषयीच्या तरतुदी घटनेत आहेत, पण तिथे त्यांचा उल्लेख 'इतर व्यक्ती' असा आडवळणाने केलेला आहे. 'गुलाम' हा शब्द संकोचापोटी टाळला गेला. लोकशाही हा शब्द न येण्याचे कारण मात्र निराळे आहे: घटनाकारांपैकी बहुतेकांना त्या शब्दाची धास्ती वाटत होती. अमेरिकेतील लोकशाही विचाराचा इतिहास म्हणजे, माझ्या समजुतीप्रमाणे, या दोन न लिहिलेल्या शब्दांची बाकी पुढच्या पिढ्यांनी कशी वसूल केली त्याचा इतिहास आहे.

या विचाराचा उगम तत्त्वज्ञांच्या ग्रंथांत शोधण्याची आपल्याला सवय असते. परंतु इंग्रज तत्त्वज्ञ जॉन लॉकचा राज्यसत्तेवरचा ग्रंथ छापून येण्याच्या जवळजवळ सत्तर वर्षे आधी, १६२०च्या नोव्हेंबरात, मेफ्लॉवर नावाचे जहाज १०२ उतारू घेऊन अमेरिकेच्या किनाऱ्याला लागले. त्यांच्याजवळचा परवाना व्हर्जिनियाचा होता आणि जहाज येऊन पोहोचले होते फार उत्तरेला, केप कॉडपाशी. तेव्हा काही उतारू कुरकुरू लागले की, परवानाच इथला नाही, मग आमच्यावर हुकूम चालवणारे तुम्ही कोण? ही कुरबूर मिटवण्यासाठी ४१ पुरुषांनी जहाजावरच एका करारनाम्यावर सह्या केल्या. आपण सारे मिळून एक राजकीय समाज बनवत आहोत, सर्वांच्या हिताचे न्याय्य कायदे करू आणि ते पाळू, एवढाच त्याचा आशय. कागदाच्या आरंभी राजा जेम्सवरील निष्ठेची ग्वाही आहे. त्यात बंडाचा मागमूसही नाही. आलेली अडचण निभावून नेण्यासाठी केलेली ती व्यवस्था होती. मात्र ती सुचली कशी, हे पाहण्यासारखे आहे. या मंडळींच्या धर्मपंथात भक्तगण परस्परांशी करार करून आपले चर्च स्थापन करीत आणि आपला धर्मोपदेशक स्वतः निवडत. अधिकार संमतीतून येतो हा विचार त्यांना प्रार्थनेच्या बाकावर मिळाला होता. त्यांनी तो राज्यकारभाराला लावला. पुढे न्यू इंग्लंडच्या गावोगावी नगरसभा भरू लागल्या आणि रस्ता, कुंपण, शाळा यांवर गावकरी मते देऊ लागले. अर्थात याला लगेच लोकशाही म्हणण्याची घाई करू नये. मॅसॅच्युसेट्समध्ये कितीतरी वर्षे मताचा अधिकार चर्चच्या सभासद पुरुषांपुरताच होता. तिकडे व्हर्जिनियात १६१९च्या जुलैत जेम्सटाउन इथे पहिली निवडून आलेली सभा भरली आणि त्याच उन्हाळ्याच्या अखेरीस विसेक आफ्रिकी माणसे विक्रीसाठी तिथल्याच किनाऱ्यावर उतरवली गेली.

पुढची दीड शतके आपण ओलांडू. १७६५च्या मुद्रांक करावरून ब्रिटनशी भांडण जुंपले, तेव्हा वसाहतींचा युक्तिवाद इतकाच होता की, इंग्रज नागरिकाचे जे पिढीजात हक्क आहेत ते आम्हालाही आहेत, आणि आमचे प्रतिनिधी नसलेल्या संसदेने आमच्यावर कर बसवू नये. हे भांडण घरातलेच होते. त्याला निराळे वळण दिले ते टॉमस पेन याने. इंग्लंडमध्ये अनेक धंद्यांत अपयशी ठरलेला हा मनुष्य १७७४च्या अखेरीस फिलाडेल्फियाला आला आणि १७७६च्या जानेवारीत त्याने एक छोटी पुस्तिका काढली. राजा वाईट आहे म्हणून तक्रार करू नका, राजेपणाच वाईट आहे, अमेरिकेत कायदा हाच राजा असेल, असे त्याने सुताराला आणि खलाशालाही समजेल अशा भाषेत लिहिले. याच पेनचे मानवी हक्कांवरचे पुढचे पुस्तक १८४७ साली पुण्यात जोतीराव फुले नावाच्या तरुणाच्या हाती पडले.

पेनच्या पुस्तिकेनंतर सहा महिन्यांनी स्वातंत्र्याचा जाहीरनामा निघाला. तो लिहिणारा टॉमस जेफरसन तेव्हा तेहेतीस वर्षांचा होता. लॉकने जीवित, स्वातंत्र्य आणि मालमत्ता असे हक्क सांगितले होते. जेफरसनने मालमत्तेच्या जागी सुखाचा शोध हे शब्द घातले. गुलामांच्या व्यापाराबद्दल राजाला दोष देणारा एक परिच्छेद त्याच्या मसुद्यात होता, तो काँग्रेसने, म्हणजे वसाहतींच्या प्रतिनिधींच्या सभेने, वगळला. आणि जेफरसन स्वतः अखेरपर्यंत गुलामांचा मालक राहिला. त्याच वर्षी मार्चमध्ये ॲबिगेल ॲडम्स हिने आपल्या नवऱ्याला, म्हणजे पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या जॉन ॲडम्सला, पत्रातून बजावले होते की, नवे कायदे कराल तेव्हा बायकांची आठवण ठेवा. उत्तरादाखल त्याने, आपल्याला हसू आवरत नाही, असे कळवले. गंमत अशी की, न्यू जर्सीच्या १७७६च्या घटनेत पन्नास पौंडांची मिळकत असलेल्या 'रहिवाशांना' मताधिकार मिळाला, आणि त्या एका शब्दाच्या आधारे तिथल्या मिळकतदार स्त्रिया १८०७पर्यंत मतदान करीत होत्या. मग कायदा करून ती फट बुजवण्यात आली.

आता १७८७च्या फिलाडेल्फियाकडे येऊ. आदल्या वर्षी पश्चिम मॅसॅच्युसेट्समधल्या कर्जबाजारी शेतकऱ्यांनी, डॅनियल शेज या माजी सैनिकाच्या पुढारपणाखाली, जमिनींवरच्या जप्त्या थांबवण्यासाठी न्यायालये बंद पाडली होती. त्या धसक्यातच घटना परिषद भरली. एकंदर ५५ प्रतिनिधी आले, कामकाज गुप्त ठेवण्याचा ठराव झाला, आणि सुरुवातीलाच एल्ब्रिज गेरी म्हणाला की, आपल्यावरची संकटे लोकशाहीच्या अतिरेकातून आलेली आहेत. याचे कोणालाही आश्चर्य वाटले नाही. त्या पिढीच्या कानांना लोकशाही हा शब्द झुंडशाहीसारखा लागत असे. प्राचीन अथेन्सचा शेवट त्यांना पाठ होता.

तेव्हा छत्तीस वर्षांचा असलेला जेम्स मॅडिसन या भीतीला तात्त्विक रूप देतो. घटनेच्या समर्थनासाठी त्याने, हॅमिल्टनने आणि जॉन जे याने मिळून ८५ लेख लिहिले. त्यांतला दहावा लेख मला या साऱ्या वाङ्मयात सर्वांत महत्त्वाचा वाटतो. मॅडिसन म्हणतो की, समाजात तट पडणारच, कारण मालमत्ता असमान वाटलेली आहे. धनको आणि ऋणको, जमीनदार आणि व्यापारी यांचे हितसंबंध जुळणारे नाहीत. स्वातंत्र्य आहे तोवर तट राहणार. तट नष्ट करायचे म्हणून स्वातंत्र्य मारणे हे, ज्वाळा भडकतात म्हणून हवाच काढून टाकण्यासारखे आहे. मग उपाय काय? लोकांनी स्वतः एकत्र जमून कारभार चालवावा ती लोकशाही, आणि प्रतिनिधींमार्फत चालवावा ते प्रजासत्ताक, असा भेद करून तो प्रजासत्ताकाची बाजू घेतो. प्रजासत्ताक लहान मुलुखातच टिकते ही तोवरची समजूत होती; मॅडिसन ती उलटी करतो. देश जितका मोठा, तितके तट अधिक, आणि तितकी एकाच तटाने बहुमत जमवून इतरांना चिरडण्याची शक्यता कमी. बहुमताचा धाक वाटणाऱ्या माणसाने केलेली ही मांडणी आहे, आणि त्यात धनकोंची कळकळ लपत नाही. तरीही अल्पमताच्या रक्षणाचा प्रश्न इतक्या स्वच्छपणे त्याआधी फारसा कोणी मांडला नव्हता.

घटना मंजुरीसाठी राज्याराज्यांत गेली तेव्हाच्या तिच्या विरोधकांची नावे आज सहसा कोणी घेत नाही, हा त्यांच्यावर अन्यायच आहे. घटनेच्या सुरुवातीलाच 'आम्ही लोक' असे म्हणण्याचा अधिकार तुम्हाला कोणी दिला, असे पॅट्रिक हेन्रीने व्हर्जिनियात खडसावून विचारले. न्यूयॉर्कमध्ये घटना ३० विरुद्ध २७ मतांनी जेमतेम तरली. नागरिकांचे हक्क लेखी द्या, या त्यांच्या हट्टामुळेच १७९१ साली पहिल्या दहा दुरुस्त्या, म्हणजे हक्कांची सनद, घटनेला जोडली गेली.

त्यानंतर चाळीसेक वर्षांत गोऱ्या पुरुषांसाठी मालमत्तेची अट बहुतेक राज्यांतून गेली आणि राष्ट्राध्यक्ष अँड्र्यू जॅक्सनच्या पक्षाने 'लोकशाही' ही पूर्वीची शिवी अभिमानाने आपल्या नावात घेतली: डेमोक्रॅटिक पक्ष. मात्र त्याच जॅक्सनने १८३०च्या कायद्यान्वये मूळ रहिवासी जमातींना त्यांच्या भूमीवरून हुसकावले, आणि १८३८ साली पेनसिल्व्हेनियाने आपल्या घटनेत 'गोरा' हा शब्द घालून स्वतंत्र कृष्णवर्णीयांचा मताधिकार काढून घेतला.

येथून पुढे विचाराची सूत्रे बाहेर ठेवलेल्या माणसांच्या हाती जातात, आणि त्यांची पद्धत मोठी हुशारीची आहे: मालकाचाच दस्तऐवज काढून त्याच्यासमोर वाचायचा. १८४८ साली सेनेका फॉल्स येथे एलिझाबेथ केडी स्टँटन हिने जेफरसनचा जाहीरनामा जवळजवळ शब्दशः घेतला आणि 'सर्व पुरुष आणि स्त्रिया समान निर्माण झाल्या आहेत' असे लिहिले. गुलामीतून पळून आलेल्या फ्रेडरिक डग्लसने १८५२च्या ५ जुलैला रॉचेस्टरमध्ये विचारले की, तुमच्या चार जुलैचा गुलामाला काय उपयोग? तरी त्याने घटना टाकून दिली नाही. नीट वाचली तर ती स्वातंत्र्याचाच दस्तऐवज आहे, असा त्याचा दावा होता. १८६३ साली गेटिसबर्गला लिंकनने भाषणाची सुरुवात 'सत्त्याऐंशी वर्षांपूर्वी' अशी केली. वजाबाकी करून पाहावी: १७७६ येते, १७८७ नाही. राष्ट्राचा जन्म त्याने घटनेपासून न धरता समतेच्या जाहीरनाम्यापासून धरला. १८६५च्या तेराव्या दुरुस्तीत 'गुलामगिरी' हा शब्द घटनेत पहिल्यांदा उमटला, तो ती नष्ट करण्यासाठी. आठ वर्षांनी, १८७३ मध्ये, जोतीरावांनी याच नावाचे आपले पुस्तक ही चळवळ यशस्वी करणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांना अर्पण केले.

स्त्रियांना देशभर मताधिकार मिळण्यास १९२० साल उजाडले. पंधराव्या दुरुस्तीने १८७० साली दिलेला कृष्णवर्णीयांचा मताधिकार दक्षिणेत मतदान कर आणि साक्षरता परीक्षा यांच्या आडून हिरावला गेला होता; तो १९६५च्या कायद्याने हाती आला.

दरम्यान न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात जॉन ड्यूई हे, लोकशाही ही निव्वळ राज्यपद्धती नसून एकमेकांच्या सहवासात जगण्याची रीत आहे, असे शिकवत होते. १९१३ ते १९१६ या काळात तिथे शिकणाऱ्या भीमराव आंबेडकरांनी त्यांची व्याख्याने ऐकली आणि १९३६ साली जातिसंस्थेवर लिहिताना हीच व्याख्या मांडली. त्यांच्या अध्यक्षतेखालील समितीने ज्या घटनेचा मसुदा सिद्ध केला, तिची सुरुवातही 'आम्ही, भारताचे लोक' अशी होते; आणि लोकशाही आणि प्रजासत्ताक (म्हणजेच गणराज्य) या ज्या दोन शब्दांत मॅडिसनने भिंत घातली होती, ते तिच्या उद्देशिकेत शेजारीशेजारी बसले आहेत: 'लोकशाही गणराज्य'.